बारा घंटा आणि उरलेले पाच दिवस

नमस्कार, श्रोतेहो.

काळाचा विषय निघाला की आपण लगेच त्याची नदी करून टाकतो. तो वाहतो, सरतो, हातातून निसटतो. आज ज्या जगाबद्दल सांगणार आहे, ते पूर्णपणे कल्पनेतलं आहे, आणि तिथे काळ वाहत नाही. तिथे काळ लागतो. तानपुऱ्याच्या तारा लागाव्यात तसा.

तिथले लोक मानतात की प्रत्येक गोष्टीला स्वतःची एक तार आहे. डोंगराची तार एकदा हलायला युगं घेते, काजव्याची क्षणात शंभरदा थरथरते, माणसाची या दोहोंच्या मध्ये कुठेतरी. तारा वाजत असतात म्हणून काळ असतो असं मात्र नाही. दोन तारांचे आघात ज्या ठिकाणी एकत्र पडतात, ती सम. आणि जे काही घडतं ते फक्त समेवर घडतं. पान गळायचं असेल तर झाडाची आणि वाऱ्याची सम यावी लागते. दोन माणसांची भेट व्हायची तर त्यांची. ज्यांच्या कंपनांचं प्रमाण सोपं, त्यांच्या समा वरचेवर येतात. ज्यांचं अवघड, ते जन्मभर एका गल्लीत राहूनही एकमेकांना भेटत नाहीत.

हे सगळं हवेतलं वाटेल, पण त्याखालचा पाया हवेतला नाही. षड्ज, म्हणजे सा, सेकंदाला २४० कंपनांचा धरला, तर पंचम, म्हणजे प, ३६० चा. दोनास तीन. आता हे दोन्ही सूर शंभर पटींनी संथ करा. सेकंदाला वीसेक कंपनांच्या खाली आपल्या कानाला सूर ऐकू येत नाही, सुटे ठोके ऐकू येतात. मग काय उरतं? दोन ठोक्यांच्या जागेत तीन ठोके. तबल्यावरची आड लय! म्हणजे पंचम ही अतिशय जलद झालेली दीडपट लय आहे. सूर आणि लय यांच्यात फरक आहे तो निव्वळ वेगाचा. खऱ्या आकाशातही हे सापडतं: गुरू ग्रहाभोवती त्याच्या गॅनिमिड या चंद्राची एक फेरी होते, तोवर युरोपा या चंद्राच्या दोन आणि आयो या चंद्राच्या चार फेऱ्या होतात. तारा लावलेल्याच आहेत म्हणायच्या.

आणि न जुळलेल्या तारा? २४० आणि २४२ हे सूर एकत्र छेडले, तर आवाज सेकंदाला दोनदा फुगतो आणि ओसरतो. आमच्या त्या जगात ऋतू असेच होतात. सूर्याची आणि जमिनीची तार जवळजवळ सारखी आहे, अगदी सारखी नाही; त्या फरकामुळे ऊन वर्षातून एकदा फुगतं, एकदा ओसरतं. तार अचूक जुळली असती तर तिथे एकच ऋतू असता.

पण मला या सिद्धांताचा खरा मोह पडला तो तो जिथे फसतो तिथे. त्यांचं वर्ष बारा घंटांचं. प्रत्येक घंटा मागच्या घंटेचा पंचम, प्रत्येकीचे तीस दिवस. बारा पंचम चढलं की सात सप्तकांवर पहिल्याच सुरात पोचायला हवं; एक सप्तक चढणं म्हणजे कंपनं दुप्पट होणं. पोचत नाही. दीडपट बारा वेळा केली की जवळपास १२९.७५ येतात, दुप्पट सात वेळा केली की १२८. सूर किंचित पुढे जातो, शेकडा सव्वाच्या थोडा वर. हिशेब ३६० दिवसांना लावून पाहा: पाच दिवस उरतात, फक्त दोन-सव्वादोन तासांनी कमी! प्राचीन इजिप्तच्या पंचांगातही तीस दिवसांचे बारा महिने आणि वर पाच दिवस होते. हा निव्वळ योगायोग आहे, पण असला योगायोग मी तरी वाया घालवणार नाही.

ते पाच दिवस कुठल्याच घंटेचे नसतात. त्यांत कर्जावर व्याज चढत नाही, केलेला करार टिकत नाही, आणि त्या दिवसांत जन्मलेल्या मुलाला स्वतःचा सूर मिळत नाही. साहजिकच तिथे सुधारक निघाले. त्यांचं म्हणणं, प्रत्येक घंटा किंचित उतरवा, ती जादा बाकी बारा जणींत वाटून टाका, वर्ष मिटेल. आपण पियानोत आणि हार्मोनियममध्ये हेच केलं. प्रत्येक पंचम अर्ध्या स्वराच्या सुमारे पन्नासाव्या भागाने उतरवला. (हार्मोनियमला ऑल इंडिया रेडिओवर १९४० ते १९७१ बंदी होती, त्यात या ठरीव सुरांवरचा रोष हेही एक कारण होतं.) विरोधकांचा प्रश्न सरळ आहे: पंचम अचूक राहिला नाही, तर सम अचूक कशी येणार? वर्ष मिटेल, पण भेटी निसटत्या होतील. मी विरोधकांच्या बाजूचा आहे, हे लपवत नाही.

घंटेचा सूर उतरवायचा तर आतल्या बाजूने धातू घासावा लागतो, आणि घासलेला धातू परत चिकटवता येत नाही. हे काम तिथे परंपरेने त्या पाच दिवसांत जन्मलेल्यांकडेच असतं. स्वतःचा सूर नसल्यामुळे त्यांचा कान कुठल्या बाजूला ओढला जात नाही. सुधारकांचा ठराव मंजूर होऊन त्यांच्याकडे गेला आहे. सगळ्या कानशी त्यांच्याकडे आहेत, आणि ते म्हणतात, आधी कानशींना धार लावून घेतो.

नमस्कार.