मृगातला ढग आणि नसलेलं मूलद्रव्य

मंडळी, तुमच्यापैकी निम्म्या लोकांना आज रात्रीची लाईन आहे, हरभऱ्याला पाणी द्यायला वावरात जायचं आहे, हे मला ठाऊक आहे. तेव्हा प्रस्तावना करत बसत नाही. मोटार सुरू करून धुऱ्यावर टेकलात की दक्षिणेकडे, बरेच वर, एका रांगेत तीन तारे दिसतील. आपली म्हातारी माणसं त्याला तिफण म्हणतात. पोथीत त्याचा बाण होतो, तिकांडं. भोवतीचे चार ठळक तारे म्हणजे मृगाचे चार पाय. आता त्या तिघांच्या खाली बघा. आणखी तीन फिक्कट तारे उभ्या ओळीत आहेत. त्यातला मधला इतरांसारखा टोकदार दिसत नाही, जरा फिसकटलेला दिसतो. तो तारा नाहीच. तो तेजोमेघ आहे.

आधी गोष्ट सांगतो. ऐतरेय ब्राह्मणात ती आहे. प्रजापती हरणाचं रूप घेऊन आपल्याच मुलीच्या मागे लागला, ती झाली रोहिणी. देव खवळले, त्यांनी रुद्र उभा केला, रुद्राने बाण सोडला. हरीण, बाण, रोहिणी आणि मागे तो शिकारी व्याध, सगळे जागच्या जागी आकाशात आहेत. बापाने मर्यादा सोडली तर देवसुद्धा गय करत नाहीत, हे सांगायला आपल्या पूर्वजांनी अर्धं आकाश वापरलं. मला ही गोष्ट फार आवडते.

पण तिच्यात तो ढग नाही. मागे एका गावात व्याख्यान संपल्यावर एक गृहस्थ म्हणाले, "सर, बाण लागला तिथून रक्त वाहतं, तोच तुमचा तेजोमेघ. म्हणजे ऋषींना माहीत होतं." मी म्हटलं, भाऊ, रक्त तुम्ही आज ओतलं, फोटोतला लाल रंग बघून. मूळ कथेला त्या ढगाची गरजच नव्हती. आणि गंमत बघा, आपण पेरणीसाठी ज्याची वाट पाहतो तो मृग ७ जूनच्या सुमारास लागतो, तेव्हा हे नक्षत्र दिसतच नाही. सूर्यच तिथे असतो, मग दिसणार कसं? पंचांगवाल्यांना हे पक्कं माहीत होतं. त्यांच्या खऱ्या हुशारीचं कौतुक करायला एवढं पुरेसं आहे. खोटी हुशारी कशाला चिकटवायची?

दुर्बीण आल्यावर १६१० साली पेरेस्क नावाच्या फ्रेंच माणसाने हा ढग पहिल्यांदा नोंदवला. गॅलिलिओने त्याच सुमारास याच भागातले तारे काढले, पण ढग त्याच्या चित्रात नाही. आज आपल्याला कळलंय की तो सुमारे १,३५० प्रकाशवर्षं लांब आहे आणि तिथे वायू आणि धुळीतून नवे तारे जन्माला येताहेत. हे सगळं शाळेच्या पुस्तकात मिळेल. मला सांगायचंय ते पुढचं.

असे ढग कशाचे? बरेच जण म्हणत, लांबच्या ताऱ्यांची गर्दी आहे, दुर्बीण मोठी केली की तारे सुटे दिसतील. १८६४ साली लंडनच्या विल्यम हगिन्सने कालेय तारकासमूहातल्या एका तेजोमेघाचा प्रकाश लोलकातून पाहिला. ताऱ्यांची गर्दी असती तर रंगांचा सलग पट्टा दिसला असता. दिसल्या त्या मोजक्या सुट्या रेषा. म्हणजे हा तापलेला वायू. एक रेषा हायड्रोजनची निघाली. पण सगळ्यात ठळक हिरवी रेषा आणि तिच्या शेजारची दुसरी, या पृथ्वीवरच्या कुठल्याच पदार्थाशी जुळेनात.

मग शास्त्रज्ञांनी काय केलं? एक मूलद्रव्य कल्पून टाकलं आणि त्याला नेब्युलियम म्हणू लागले. हसू नका, त्यामागे कारण होतं. १८६८ साली सूर्याच्या प्रकाशात अशीच एक बेवारस पिवळी रेषा सापडली होती. तिच्यासाठी हेलियम कल्पिला, आणि १८९५ साली रॅमसे या रसायनशास्त्रज्ञाने तो खरोखर पृथ्वीवरच्या एका खनिजात धरला. मग नेब्युलियम का नाही सापडणार? काहींनी तर त्याचा अणुभारही काढून ठेवला! पुराणिकांना नावं ठेवणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

अडचण अशी झाली की मूलद्रव्यांचा तक्ता भरत चालला. मोझली नावाच्या इंग्रज शास्त्रज्ञाने १९१३ साली अणूंना अनुक्रमांक लावले, आणि हलक्या बाजूला रिकामी जागाच उरली नाही. नेब्युलियम बसवणार कुठे?

उत्तर १९२७ साली कॅलिफोर्नियातल्या आयरा बोवेनने दिलं. ती रेषा आपल्या रोजच्या ऑक्सिजनची होती, फक्त दोन इलेक्ट्रॉन गमावलेल्या. मग प्रयोगशाळेत का दिसली नाही? हा ऑक्सिजन ऊर्जा घेऊन फुगला की हिरवा प्रकाश सोडायला त्याला साधारण अर्धा मिनिट निवांत लागतो. आपल्या हवेत एका घन सेंटिमीटरमध्ये कोटी कोटींच्या पटीत रेणू असतात. तिथे त्याची गत आठवडी बाजारात उभ्या माणसासारखी, कोणीतरी धक्का देतंच, आणि ऊर्जा त्या धक्क्यातच निघून जाते. तेजोमेघात तेवढ्याच जागेत काही शे ते काही हजार कण. इतकी विरळ पोकळी त्या काळच्या कोणत्याच प्रयोगशाळेत करता येत नव्हती. नवा पदार्थ नव्हताच, नवी होती ती एकांताची अवस्था.

माझ्या मते इथे गोष्ट आणि विज्ञान वेगळे होतात. कल्पना दोघांनीही केली. प्रजापतीला कोणी खोडू शकत नाही, आणि खोडायचंही नसतं, तो पुरावा मागायला आलेलाच नाही. नेब्युलियम मात्र साठेक वर्षं मानाने राहून एका वर्षात गेलं, आणि त्यासाठी कोणी मोर्चा काढला नाही. आपल्या लोणारच्या सरोवराच्या खड्ड्याचंच बघा. लवणासुराची कथा तशीच आहे, दैत्यसूदनाचं देऊळ तसंच आहे. बदलले ते शास्त्रज्ञ. आधी बरेच जण ज्वालामुखी म्हणत होते, १९७३ साली उल्कापाताचे भक्कम पुरावे आले तेव्हा म्हणणं बदललं.

आता देवळावरचा तो हॅलोजन कोणीतरी बंद करा, त्याशिवाय दुर्बिणीतून काही दिसणार नाही. फोटोतला गुलाबी रंग शोधू नका, तो कॅमेऱ्याला दिसतो, हायड्रोजनचा आहे. अंधारात आपला डोळा हिरव्याला जास्त तीक्ष्ण असतो. धुरकट, राखाडीत किंचित हिरवट झाक दिसली तर समजा, हगिन्सला पेचात टाकणारी रेषा तीच. लहान पोरांना पुढे येऊ द्या, आणि ज्यांना ओलिताला जायचंय त्यांनी आधी बघून घ्या.