शिवी बाहुलीची, खून खरा

श्रोतेहो, नमस्कार. प्रौढांसाठीचा गुन्हेपट, आणि त्यात तपास करायला फोमची बाहुली! नुसत्या कल्पनेनंच हसू येतं. पडद्यावर ते टिकवणं मात्र महाकठीण.

२०१८चा ‘द हॅपीटाइम मर्डर्स’ घ्या. लॉस एंजेलिसमध्ये माणसं आणि बाहुल्या एकत्र राहतात, जुन्या टीव्ही मालिकेतल्या बाहुल्यांचे एकामागून एक खून पडतात, आणि मागावर असतो फिल फिलिप्स, पोलिसातून काढलेला निळा बाहुला, आता खासगी गुप्तहेर. दिग्दर्शक ब्रायन हेन्सन, मपेट्स या प्रसिद्ध बाहुल्या घडवणाऱ्या जिम हेन्सनचे चिरंजीव. फिलला हात आणि आवाज बिल बॅरेटाचा.

आता बाहुलीच्या डोक्यात घातलेला हात कसा चालतो ते सांगतो. चार बोटं वरच्या जबड्यात, अंगठा खालच्या. बोलताना अंगठा खाली गेला पाहिजे. नवखा माणूस बोटं वर उचलतो. मग शब्दागणिक डोकं मागे झटकतं आणि नजर आढ्याला लागते. तोंड अक्षरावर उघडायचं, मिटायचं नाही. शिवीचा तर सगळा जोर पहिल्या अक्षरावर! तिथे अंगठा जरा उशिरा हलला की शिवी बाहुलीची राहत नाही, खाली दडलेल्या माणसाची होते. दुसरा हात बाहुलीच्या हाताची काडी सांभाळतो. बाहुलीच्या दोन्ही हातांचं नाजूक काम आलं, की जोडीला आणखी एक माणूस हवा.

सेट उंचावर बांधतात, फरशीचे तुकडे निघतील असे. बाहुली चालवणारे कलावंत खाली, हात वर, डोळे मॉनिटरवर. ते चित्र आरशातल्यासारखं नसतं, त्यामुळे सरावाआधी बाहुली हमखास भलतीकडेच वळते. वर नटमंडळी खड्डे चुकवत चालतात, तेही बाहुलीच्या डोळ्यांत बघत. बाहुली पायांपर्यंत दिसते त्या दृश्यात कलावंत हिरव्या पोशाखात असतात. नंतर त्यांना संगणकावर पुसतात.

या सिनेमात बाहुलीला गोळी लागली की रक्ताऐवजी भरलेला कापूस उडतो. आजूबाजूचे पोलिस त्याला खूनच मानतात, म्हणून आपण हसतो. हे सोडून नुसत्या चावटपणावर विसंबला, तिथे सिनेमा घसरला. सुमारे ४ कोटी डॉलरचा खर्चही तिकीटबारीवर निघाला नाही.

असं काही लिहायचं असेल, तर प्रसंगातल्या सगळ्या शिव्या खोडून तो वाचून बघा. कोण खोटं बोललं, पुरावा कुठे सापडला, बाहुलीचं कापडी अंग कुठे आडवं आलं, एवढं उरलं तर पुढे जा. नाहीतर बाहुल्या शिवायला घेण्याआधीच प्रसंग पुन्हा लिहा.