"बास झालं, झोप आता" म्हणणारं कुणी नाही

नमस्कार दोस्तांनो. ज्यांना नुकतीच अठरा वर्षं पूर्ण झालीयत, जे पहिल्यांदाच घराबाहेर एकटे राहतायत, त्यांच्याशी आज बोलायचंय. आतापर्यंत रात्री अकरा वाजले की आतल्या खोलीतून आवाज यायचा, "बास झालं, झोप आता!" आणि आपण चिडायचो. खरं सांगू का, पहिल्या वर्षी मला तो आवाज हवाहवासा वाटायचा.

मी एक सिरीज लावायचो. भाग संपला की कोपऱ्यात उलटे आकडे सुरू, पाच, चार, तीन, आणि मी काहीच करायचो नाही की लागला पुढचा भाग. म्हणजे बघायचं असं मी ठरवलंच नव्हतं, थांबवायचं तेवढं राहून जायचं. पहाटे तीनला डोळे चुरचुरायचे आणि दुसऱ्या दिवशी कुणी विचारलं काल काय बघितलंस, तर धड सांगताही यायचं नाही.

हे आपोआप होत नाही बरं का. कितीही खाली सरकवलं तरी न संपणारं पान आझा रास्किन या डिझायनरने २००६ मध्ये तयार केलं, पुढे त्याचं त्यालाच वाईट वाटलं. युट्यूबने २०१२ पासून व्हिडिओ सुचवताना क्लिकपेक्षा तुम्ही किती वेळ बघता याला जास्त वजन दिलं. नेटफ्लिक्सचे तेव्हाचे प्रमुख रीड हेस्टिंग्ज तर २०१७ मध्ये बोलूनच गेले की आमची स्पर्धा झोपेशी आहे.

म्हणून आधी सेटिंगमध्ये जाऊन ऑटोप्ले, म्हणजे पुढचा भाग आपोआप लागणं, बंद करा. युट्यूबची हिस्ट्री पुसून बंद ठेवली तर होमपेज जवळपास रिकामं दिसतं, मग काय बघायचं ते तुम्हालाच शोधावं लागतं, आणि मला तरी हेच आवडतं.

हलकंफुलकं बघूच नका असं मी अजिबात म्हणणार नाही, दमून आल्यावर हसायला हवंच. पण वीस मिनिटांत मन लागलं नाही किंवा एखादा सीन बघून पोटात गोळा आला तर खुशाल बंद करा, पैसे भरलेत म्हणून शेवटपर्यंत बसायची सक्ती नाही.

मी फोनमध्ये एक यादी ठेवलीय, सिनेमाचं नाव आणि पुढे कुणी सांगितला त्याचं नाव. बघून झाला की त्या माणसाला फोन करतो. परवा एका मैत्रिणीशी एका जुन्या डॉक्युमेंटरीवर तासभर भांडलो, तिला शेवट पटला होता, मला नाही, आता रविवारी दोघं मिळून परत बघणार आहोत.