नियमांची वाट जाणणारा सिनेटर: जॉर्ज नॉरिस

मित्रहो, अमेरिकेच्या नेब्रास्का राज्यात मकुक नावाचे एक छोटे गाव आहे. तेथील जॉर्ज विल्यम नॉरिस या वकिलाने 1903 ते 1943 अशी सलग चाळीस वर्षे वॉशिंग्टनमध्ये शेतकरी प्रदेशाचे प्रतिनिधित्व केले, त्यांतली पहिली दहा काँग्रेसच्या, म्हणजे अमेरिकी संसदेच्या, प्रतिनिधिगृह या कनिष्ठ सभागृहात आणि पुढची तीस सिनेट या वरिष्ठ सभागृहात. त्यांच्याविषयी बोलताना धरणाचा आणि विजेचा उल्लेख प्रथम होतो, आणि तो रास्तच आहे. परंतु सभागृहाच्या कामकाजाचे नियम कोण ठरवतो, या रुक्ष वाटणाऱ्या प्रश्नाचा त्यांनी आयुष्यभर पिच्छा पुरवला नसता, तर ते धरण आणि ती वीज आलीच नसती, असे माझे मत आहे.

नॉरिस यांचा जन्म 1861 मध्ये ओहायोतील एका शेतकरी कुटुंबात झाला. बारा भावंडांत ते अकरावे. ते तीन वर्षांचे असताना वडील वारले, आणि थोरला भाऊ यादवी युद्धात कामी आला. त्यामुळे घर आणि शेत दोन्ही आईनेच सांभाळले. कायद्याचे शिक्षण घेऊन ते 1885 मध्ये नेब्रास्कात आले, वकिली केली, पुढे जिल्हा न्यायाधीश झाले आणि रिपब्लिकन पक्षातर्फे निवडून गेले.

त्या काळी प्रतिनिधिगृहाचे अध्यक्ष जोसेफ कॅनन हेच नियम समितीचेही प्रमुख असत. इतर समित्यांच्या नेमणुकाही तेच करीत, त्यामुळे त्यांच्या मनात नसलेले विधेयक चर्चेलाच येत नसे. नॉरिस यांनी ही व्यवस्था बदलणारा ठराव लिहून खिशात ठेवला होता आणि ते संधीची वाट पाहत होते. ती संधी 17 मार्च 1910 रोजी मिळाली. जनगणनेचा उल्लेख राज्यघटनेत आहे म्हणून त्यासंबंधीच्या ठरावाला अग्रक्रम मिळतो, असा निर्णय सभागृहात झाला. तोच धागा पकडून नॉरिस उठले. प्रत्येक सभागृहाने आपले नियम स्वतः ठरवावेत असेही घटनेतच लिहिले आहे, तेव्हा माझ्या ठरावालाही तोच अग्रक्रम हवा, असे त्यांनी मांडले. कॅनन यांच्याच पक्षाचे हे सदस्य. रात्रभर वाद चालला, कॅनन यांनी ठराव नियमबाह्य ठरवला, सभागृहाने तो निर्णय फिरवला आणि 19 मार्च रोजी 191 विरुद्ध 156 मतांनी ठराव संमत झाला. नियम समिती यापुढे सभागृह निवडणार होते आणि तिच्यात अध्यक्षांना स्थान नव्हते. नव्या सदस्यांना संसदीय कामकाज शिकवायचे असेल, तर मी या दिवसांच्या इतिवृत्तापासून सुरुवात करीन.

1917 मध्ये पहिल्या महायुद्धात उतरण्याच्या ठरावाविरुद्ध सिनेटमध्ये सहा मते पडली, त्यांतले एक नॉरिस यांचे होते. त्यांच्यावर देशद्रोहाचे आरोप झाले, तरी मतदारांनी पुढच्या वर्षी त्यांना पुन्हा सिनेटवर पाठवले.

आता धरणाकडे येतो. युद्धकाळात सरकारने अलाबामातील मसल शोल्स येथे नायट्रेटचा कारखाना उभारला आणि शेजारी टेनेसी नदीवर धरण बांधायला घेतले. युद्ध संपल्यावर त्याचे करायचे काय? नायट्रेटपासून खत होते, म्हणून हा प्रश्न सिनेटच्या कृषी समितीपुढे आला आणि तिचे अध्यक्ष होते नॉरिस. मोटार कारखानदार हेन्री फोर्ड यांना ही मालमत्ता हवी होती, तीही धरणाच्या शंभर वर्षांच्या भाडेपट्ट्यासह. नॉरिस यांनी ते होऊ दिले नाही. नदी लोकांची, तिची वीजही लोकांची, यावर ते ठाम राहिले. त्यांचे विधेयक 1928 मध्ये राष्ट्राध्यक्ष कूलिज यांनी सही न करता निकालात काढले आणि 1931 मध्ये हूवर यांनी नकाराधिकार वापरून परत पाठवले. अखेर मे 1933 मध्ये रूझवेल्ट यांच्या सहीने टेनेसी खोरे प्राधिकरण अस्तित्वात आले. क्लिंच नदीवरच्या त्याच्या पहिल्या धरणाला नॉरिस यांचे नाव दिले गेले. त्या धरणासाठी सुमारे तीन हजार कुटुंबांना घरदार सोडावे लागले. कोयनेचा इतिहास ठाऊक असलेल्या आपण ही बाजू विसरता कामा नये.

आपल्याशी या प्राधिकरणाचा आणखी एक संबंध आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकर व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य असताना दामोदर खोऱ्याची योजना आखली गेली, ती याच टेनेसीचा नमुना समोर ठेवून.

नियमांचा पिच्छा मात्र सुटला नव्हता. नोव्हेंबरात निवडून आलेली काँग्रेस पुढच्या वर्षीच्या डिसेंबरपर्यंत नियमित अधिवेशनाला बसत नसे, आणि मधल्या काळात पराभूत सदस्य मतदान करीत राहत. हे थांबवणारी विसावी घटनादुरुस्ती नॉरिस यांनी वर्षानुवर्षे सिनेटमध्ये मांडली. ती 1933 मध्ये लागू झाली. दोन सभागृहांतले मतभेद मिटवण्यासाठी बंद दाराआड बसणारी संयुक्त समितीच खरी सत्ता गाजवते, असा त्यांचा अनुभव होता. म्हणून 1934 मध्ये वयाच्या त्र्याहत्तराव्या वर्षी त्यांनी नेब्रास्काभर प्रचार केला आणि राज्यात एकच, पक्षविरहित सभागृह ठेवण्यास मतदारांची संमती मिळवली. 133 सदस्यांच्या जागी 43 आले. अमेरिकेच्या पन्नास राज्यांत असे विधिमंडळ आजही फक्त नेब्रास्कात आहे.

1936 मध्ये त्यांनी प्रतिनिधिगृहाचे सदस्य सॅम रेबर्न यांच्यासह ग्रामीण विद्युतीकरणाचा कायदा मंजूर करवून घेतला. खाजगी कंपन्यांना दूरदूर विखुरलेल्या शेतघरांपर्यंत तारा नेणे परवडत नव्हते. त्या दशकाच्या मध्याला दहांपैकी जेमतेम एका शेतघरात वीज होती. बाकीच्या घरांतल्या बायका हातांनी पाणी उपसत आणि कंदिलाच्या उजेडात कामे उरकत. या कायद्यामुळे शेतकऱ्यांच्या सहकारी संस्थांना सरकारी कर्ज मिळू लागले आणि त्यांनी स्वतःच खांब उभे केले.

त्याच वर्षी अपक्ष म्हणून निवडून आलेले नॉरिस 1942 मध्ये पराभूत झाले. ते मकुकला परतले आणि 2 सप्टेंबर 1944 रोजी तेथेच त्यांचे निधन झाले. त्या वेळी देशातल्या निम्म्याहून अधिक शेतघरांत वीज पोहोचायची होती. दुसरे महायुद्ध संपताच सहकारी संस्थांनी थांबलेले काम पुन्हा वेगाने हाती घेतले, आणि पुढच्या दहा-बारा वर्षांत बहुतेक सर्व शेतघरांत दिवे लागले.