तिसरा फोन

एका जुन्या अमेरिकन शालेय फिल्ममधल्या वुडीच्या हातातलं हे तिकीट पाहा. कार्निव्हलचं आहे, एका जोडीचं. आता जोडीला मुलगी हवी.

वुडी एकेक चेहरा डोळ्यांपुढे आणतो. जॅनिस देखणी, पण तिच्यासमोर मुलाला आपण कमी पडतो असं वाटेल. ती बाद. बेटीबरोबर फारशी मजा येणार नाही. तीही बाद. ॲन मात्र हसतीखेळती, कुठेही रमणारी. ठरलं!

फिल्मचं नाव 'डेटिंग : डूज अँड डोन्ट्स', साल १९४९. बनवणारी कंपनी कॉरोनेट. शिकागोजवळ ग्लेनव्ह्यूला डेव्हिड स्मार्ट यांनी तिचा स्टुडिओ उभारला. 'एस्क्वायर' हे पुरुषांचं मासिक काढणारेही तेच. दुसऱ्या महायुद्धात सैनिकांना फिल्म दाखवून शिकवण्याची पद्धत रुळली होती, युद्धानंतर ती शाळांमध्ये पसरली. खिडक्यांचे पडदे ओढायचे, १६ मिलिमीटरचं रीळ प्रोजेक्टरवर चढवायचं, दहा-बारा मिनिटं बघायचं आणि मग वर्गात चर्चा. श्रेयनामावलीत सल्लागार म्हणून शिक्षणतज्ज्ञाचं नाव असे, त्यामुळे पडद्यावरचं सगळं धड्यासारखंच वाटे.

आता हा फोन. वुडी तो तीनदा करतो. एकदा आगाऊपणे, एकदा त-त-प-प करत, आणि एकदा नीट. रात्री दारात निरोप घ्यायच्याही अशाच तीन तऱ्हा. मुलाला चुकायला, सुधारायला वाव आहे. ॲननं स्वतःहून एखाद्या मुलाला फोन लावावा, असं दृश्य मात्र या फिल्ममध्ये कुठेच नाही. आम्ही ती पुन्हा पुन्हा पाहिली.

ही दुसऱ्या एका फिल्ममधली, १९४७ सालची जिनी. शाळेच्या कॅन्टीनमध्ये टेबलाजवळ येते, तिचं स्वागत कुणी करत नाही. का, तर ती रात्री मुलांबरोबर गाडीत बसते. अहो, गाडीत मुलगाही होताच ना? त्याला दोन शब्द सुनवायला निवेदकाला सवड नाही.

आणि हे आणखी एका फिल्ममधलं, १९५० सालचं जेवणाचं टेबल. आई आणि मुलगी ठेवणीतले कपडे घालून तयार आहेत. निवेदक सांगतो, घरातल्या पुरुषांसमोर ताजंतवानं, प्रसन्न दिसणं हे त्यांना आपलं देणं वाटतं.

पुढे काळ बदलला, ही रिळं अडगळीत गेली. रिक प्रेलिंजर यांनी १९८२ पासून अशी हजारो रिळं गोळा केली. २००२ साली तो संग्रह लायब्ररी ऑफ काँग्रेस या अमेरिकेच्या राष्ट्रीय ग्रंथालयानं घेतला, म्हणून आज ॲन आपल्याला दिसते आहे.

आता वुडीकडे नको, तिच्याकडे बघा. तिसरा फोन वाजतोय.