ग्रँडमास्टर म्हणजे नेमका किती हिशेब

नमस्कार श्रोतेहो.

२०२५ च्या नोव्हेंबरात गोव्यात बुद्धिबळाचा विश्वचषक रंगला. बेळगावहून चोर्ला घाट उतरला की गोवा, म्हणजे आपल्या उंबऱ्यावरच. उझबेकिस्तानचा जावोखिर सिंदारोव चषक घेऊन गेला. अशी स्पर्धा जवळ झाली की आपल्याकडच्या वर्तमानपत्रांत रेटिंग, नॉर्म, किताब हे शब्द रोज येतात आणि वाचणारा ते डोळ्यांखालून घालून पुढे जातो. आज या शब्दांमागचा हिशेब मांडू. कागद-पेन्सिल जवळ असेल तर बरं.

सुरुवातीलाच सांगून ठेवतो, करंडकांवरून खेळाडू जोखू नका. आपल्या भागातल्या एकेका स्पर्धेत सात वर्षांखालील, नऊ वर्षांखालील, अकरा वर्षांखालील, मुलगे वेगळे, मुली वेगळ्या, अशी बक्षिसं असतात. मुलांना उत्साह येतो, त्याबद्दल तक्रार नाही. पण कपाटात वीस करंडक असणाऱ्या मुलाचं रेटिंग, म्हणजे खेळाची ताकद दाखवणारा आकडा, १४५० असू शकतं आणि एकही करंडक नसलेल्याचं १९००. पटावर दुसरा पहिल्याला दहातले नऊ डाव हरवेल.

आता रेटिंग. फिडे, म्हणजे जागतिक संघटना, दर महिन्याच्या पहिल्या तारखेला यादी काढते. रेटिंग असलेल्या खेळाडूंविरुद्ध किमान पाच डाव झाले की पहिलं रेटिंग मिळतं, पण ते १४०० किंवा जास्त भरलं तरच. २०२४ च्या मार्चपर्यंत ही तळरेषा १००० होती, तेव्हा जुने आकडे आणि आजचे आकडे एका ओळीत ठेवू नका.

वाढ-घट कशी होते? तुमचं रेटिंग १६००, समोरचा १८००. दोनशेचा फरक असला की खालच्या खेळाडूकडून डावाला साधारण ०.२४ गुणांची अपेक्षा धरतात. जिंकलात तर मिळाला १, म्हणजे अपेक्षेपेक्षा ०.७६ जास्त. याला गुणकानं गुणायचं. अठरा वर्षांखालच्या मुलाचा गुणक रेटिंग २३०० च्या आत असेतो ४० असतो, म्हणून त्याचे ३० गुण वाढतात. जुन्या, मोठ्या खेळाडूचा गुणक २०, त्याला त्याच विजयाचे १५ मिळतात. एकदा २४०० गाठलं की गुणक १०, मग रेटिंग मुंगीच्या पावलानं हलतं. पालक इथेच घाबरतात. बरोबरीच्या मुलाशी हरलं तर वीस गुण जातात, तीन डाव गेले की साठ. त्यात मुलाचा खेळ बिघडलेला नसतो. गुणक मोठा असला की चढ-उतारही मोठेच येणार. एका स्पर्धेवरून क्लास बदलू नका, प्रशिक्षकही बदलू नका.

किताबाकडे येऊ. कॅन्डिडेट मास्टरला २२०० आणि फिडे मास्टरला २३०० रेटिंग गाठलं की पुरतं. त्याच्यावरच्या दोन किताबांना, इंटरनॅशनल मास्टर आणि ग्रँडमास्टर, नुसतं रेटिंग चालत नाही, नॉर्म लागतात. नॉर्म म्हणजे एका स्पर्धेत त्या किताबाला साजेशी कामगिरी केल्याची नोंद. ग्रँडमास्टरला २५०० रेटिंग आणि एकूण किमान २७ डावांचे नॉर्म, म्हणजे बहुतेक वेळा नऊ-नऊ फेऱ्यांच्या तीन स्पर्धा. आणि या स्पर्धांत कामगिरी २६०० च्या तोडीची हवी, २५०० च्या नव्हे.

नऊ फेऱ्यांचं गणित लिहून घ्या. प्रतिस्पर्ध्यांच्या रेटिंगची सरासरी २३८० असेल तर ७ गुण हवेत. २४३४ असेल तर साडेसहा, २४७५ ला ६, २५२० ला साडेपाच. सरासरी २३८० च्या खाली गेली तर नऊपैकी नऊ जिंकूनही नॉर्म नाही. खुल्या स्विस स्पर्धेत, म्हणजे जिथे दर फेरीला साधारण सारख्या गुणांचे खेळाडू समोरासमोर येतात, पहिल्या फेरीला वरच्या अर्ध्याची गाठ खालच्या अर्ध्याशी पडते, त्यामुळे हातात हमखास एक दुबळा प्रतिस्पर्धी येतो. तो १९०० चा असला तर हिशेबात त्याला २२०० धरायची सवलत आहे, पण एकाच प्रतिस्पर्ध्यापुरती. दुसऱ्या फेरीत आणखी एक तसाच आला आणि सरासरी घसरली, तर पुढचे सात डाव कितीही चांगले खेळा, गाडी रुळावर येत नाही.

एवढ्यावर भागत नाही. नऊ प्रतिस्पर्ध्यांपैकी किमान तीन ग्रँडमास्टर हवेत, निम्मे तरी किताबधारी हवेत आणि आपला देश सोडून आणखी किमान दोन देशांचे खेळाडू समोर यायला हवेत. भारतातल्या खेळाडूंचं घोडं बरेचदा इथेच अडतं. गुण पुरेसे, सरासरी पुरेशी, आणि शेवटच्या फेरीची पेअरिंग, म्हणजे कोण कोणाशी खेळणार ती यादी, लागली तर समोर पुन्हा भारतीयच. दुसरा देश मिळालाच नाही. म्हणून संयोजक परदेशी ग्रँडमास्टरांना मानधन देऊन बोलावतात, आणि म्हणूनच नॉर्मच्या मागे लागलेला खेळाडू युरोपात दोन-दोन महिने स्पर्धा खेळत फिरतो. तिकीट, व्हिसा, खोलीचं भाडं, सगळं घरचं. कर्नाटकाला पहिला ग्रँडमास्टर २०१७ मध्ये मिळाला, म्हैसूरचे तेजकुमार. भारताचे पहिले ग्रँडमास्टर विश्वनाथन आनंद १९८८ मध्ये झाले होते. मधल्या तीन दशकांत या राज्यात डोकी नव्हती असं कोणी म्हणू नये. माझ्या मते परदेशी प्रतिस्पर्धी दारात येण्याची सोय नव्हती.

तेजकुमारांनी किताब घेतला तो तिशी उलटल्यावर. चेन्नईच्या गुकेशनं तो २०१९ मध्ये बारा वर्षं सात महिन्यांचा असताना घेतला. दोघांच्याही नावामागे अक्षरं तीच. किताब जन्मभराचा असतो, रेटिंग मात्र उतरतं. तेव्हा ‘ग्रँडमास्टर’ एवढंच वाचून थांबू नका, सध्याचं आणि सर्वोच्च रेटिंग दोन्ही पाहा.

मग नागपूरच्या दिव्या देशमुखचं काय, असं कोणी विचारेल. जुलै २०२५ मध्ये जॉर्जियातल्या बातुमीला महिला विश्वचषकाच्या अंतिम फेरीत कोनेरू हंपीशी तिचे दोन डाव बरोबरीत सुटले, पुढे रॅपिडच्या, म्हणजे कमी वेळाच्या डावांच्या, टायब्रेकमध्ये ती जिंकली आणि तिथल्या तिथे ग्रँडमास्टर झाली, भारताची अठ्ठ्याऐंशीवी. तोवर तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. काही ठराविक अजिंक्यपदांना किताब थेट मिळतो, तसा नियमच आहे. सवलत म्हणून कोणी नाक मुरडू नये. बाद पद्धतीत एक सामना गेला की बॅग भरायची. नॉर्मवाल्याला एक स्पर्धा बिघडली तरी पुढची असते.

नाशिकच्या विदित गुजराथीची माझ्या मते सर्वांत मोठी वैयक्तिक कामगिरी किताबाच्या पलीकडची आहे. २०२३ ची ग्रँड स्विस, आइल ऑफ मॅनला. पहिलीच फेरी तो हरला आणि तरी अकरा फेऱ्यांत साडेआठ गुण करून पहिला आला. त्यातून कॅन्डिडेट्सचं दार उघडलं, जिथून जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरतो. पुढच्या वर्षी टोरांटोत झालेल्या कॅन्डिडेट्समध्ये त्यानं अमेरिकेच्या नाकामुराला दोन्ही डावांत हरवलं. ती स्पर्धा गुकेशनं जिंकली आणि डिसेंबर २०२४ मध्ये सिंगापूरला तेव्हाचा जगज्जेता डिंग लिरेनला साडेसात-साडेसहानं नमवून तो अठराव्या वर्षी जगज्जेता झाला.

जगज्जेतेपदाचीही पद्धत बघावी लागते. आनंदनं ते २००० मध्ये बाद पद्धतीत, २००७ मध्ये मेक्सिकोत साखळी स्पर्धेत आणि २००८ मध्ये बॉनला क्रामनिकशी समोरासमोरच्या सामन्यात मिळवलं. तीन वेगळ्या परीक्षा, तिन्ही पास. गणिताचा पेपर सोडवणाऱ्याला तोंडीही द्यायला लावलं तर किती टिकतात ते शिक्षक श्रोत्यांना ठाऊक आहे.

आता आपल्याकडचं. बेळगाव, खानापूर, निपाणीचा खेळाडू नोंदणी कर्नाटकातून करतो, सांगली-कोल्हापूरचा महाराष्ट्रातून. राज्य निवड स्पर्धा नोंदणीच्या राज्यातच खेळायची. पण फिडे रेटिंगच्या खुल्या स्पर्धांना ही आडकाठी नाही. सांगलीला जा, कोल्हापूरला जा, गोव्याला जा, गुण सगळीकडचे एकाच खात्यात पडतात. जाताना आधी स्पर्धेचा प्रकार विचारा. क्लासिकल म्हणजे लांब वेळाचे डाव, रॅपिड त्याहून झटपट आणि ब्लिट्झ काही मिनिटांचे; तिन्हींची रेटिंग वेगवेगळी असतात आणि नॉर्म फक्त क्लासिकलमध्ये मिळतो. मोबाईलवर खेळून आलेला आकडा यातल्या कशातच धरत नाहीत.

अर्जावर नाव लिहिताना आधार कार्डावरचं स्पेलिंग तसंच्या तसं लिहा. आपल्याकडे शाळेच्या दाखल्यावर एक, आधारवर दुसरं, आणि आडनाव कधी मागे कधी पुढे, असं सर्रास असतं. मग एकाच मुलाचे दोन फिडे क्रमांक निघतात, गुण दोन ठिकाणी विखुरतात आणि ते जोडून घ्यायला पत्रव्यवहार करत बसावं लागतं. एसटीच्या भरवशावर सकाळच्या फेरीला निघू नका, आदल्या रात्री पोचा. ठरलेल्या सवलतीच्या मिनिटांपेक्षा उशीर झाला की डाव गेला, आणि वॉकओव्हरचा डाव रेटिंगला धरत नाहीत, म्हणजे समोरच्याचाही दिवस फुकट. मोबाईल हॉलच्या बाहेर ठेवा.

स्पर्धा संपली की पुढच्या पहिल्या तारखेला फिडेच्या संकेतस्थळावर मुलाचं पान उघडा. तिथे त्या महिन्याचा हिशेब असतो: कोणाशी खेळला, किती गुण, किती वाढ. एखादा निकाल उलटा नोंदला गेलेला दिसला तर लगेच त्या स्पर्धेच्या मुख्य आर्बिटरला, म्हणजे पंचाला, कळवा, आणि सोबत सही केलेल्या स्कोअरशीटचा, म्हणजे चाली लिहिलेल्या कागदाचा, फोटो पाठवा. ती स्कोअरशीट मुलं खिडकीतून भिरकावून देतात, तेवढी मात्र जपून ठेवायला सांगा. नमस्कार.