ढगांना मिळालेलं नाव

(दगडी भिंत. तिच्या माथ्यावर रचलेले गोटे.)

नागासाकीच्या पश्चिमेला, शंभरेक किलोमीटर समुद्रात, गोतो बेटं आहेत. त्यांतलं हे फुकुए. जुन्या सामुराई वस्तीतल्या या भिंती. माथ्यावरचे गोटे नुसते ठेवलेत, बसवलेले नाहीत. कुणी चढायला गेला की ते घरंगळणार आणि घर जागं होणार. याच वस्तीतल्या एका जुन्या घरात २०१८ पासून यामामोतो निझो यांच्या चित्रांचं संग्रहालय आहे. निझो म्हणजे अॅनिमेशनपटांचे कला दिग्दर्शक, पात्रांमागची आभाळं, रानं, शहरं रंगवणारे.

(आभाळ.)

निझोंचा जन्म १९५३चा, याच बेटावरचा. नाव लिहायचं तर जपानी लिपीत 'दोन' आणि 'तीन' हे आकडे काढायचे, झालं.

(ओला कागद. रुंद ब्रश.)

आता हा कागद बघा. आधी नुसतं पाणी, मग पोस्टर कलर. वर गडद निळा, क्षितिजाकडे उतरताना फिका. कागद ओला आहे तोवरच हे उरकायचं. वाळला की जोड दिसते. ढग त्यानंतर. उन्हाकडची कड ठसठशीत, पोटाकडे पाण्यानं विरघळवलेली, सावलीला निळसर करडा. हात दुसऱ्या चित्रकाराचा आहे, पण हाताने रंगवलेल्या अॅनिमेशनमधलं आभाळ असंच तयार होतं.

आणि सरळ रेषा? एकाच हातात, चॉपस्टिक धरतात तशी, काचेची कांडी आणि ब्रश. कांडी पट्टीच्या खाचेतून सरकते, ब्रश कागदावरून. निझो वास्तुकला शिकलेले. त्यांच्या इमारती उगाच उभ्या वाटत नाहीत.

(मालिकेतली, चित्रपटांतली दृश्यं.)

१९७८ साली दिग्दर्शक मियाझाकी हायाओंच्या 'फ्यूचर बॉय कॉनन' या टीव्ही मालिकेचं कला दिग्दर्शन निझोंकडे आलं, तेव्हा पंचविशीही पुरी नव्हती. १९८६ मध्ये 'कॅसल इन द स्काय'. मग १६ एप्रिल १९८८. जपानी थिएटरांत एका तिकिटात दोन चित्रपट. पहिल्या, 'टोटोरो'ची हिरवाई कला दिग्दर्शक ओगा काझुओंची. दुसऱ्या चित्रपटातलं, 'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज'मधलं, बॉम्बहल्ल्यात पेटलेलं कोबे निझोंचं.

(जळतं शहर. निवेदन नाही.)

श्रेयनामावलीत कला दिग्दर्शकाचं नाव येईतो अर्धं थिएटर उठलेलं असतं. निझोंचं नाव मात्र चाहत्यांनी ढगांनाच देऊन टाकलं. २००६च्या 'द गर्ल हू लेप्ट थ्रू टाइम'मध्ये शाळेवर, नदीकाठावर जे उन्हाळी ढग चढत जातात, तसल्या ढगांना ते 'निझो-गुमो' म्हणतात. गुमो म्हणजे ढगच.

(रान. पानांतून उतरणारं ऊन.)

पुढच्याच वर्षी ते स्वतः दिग्दर्शक झाले. टीव्हीसाठी केलेला 'मियोरी नो मोरी', म्हणजे मियोरीचं रान. धरणाखाली जाऊ घातलेल्या रानाची गोष्ट. खरं सांगायचं तर माणसं जरा ताठ हलतात. रान हलत नाही, तरी नजर तिथंच जाते.

ऑगस्ट २०२३ मध्ये, वयाच्या ७०व्या वर्षी, ते गेले. त्याआधी आपल्या बेटांची शंभर चित्रं पुरी करून ठेवली होती. त्यांतली ही काही.

(चित्रं, एकामागून एक. आवाज फक्त लाटांचा.)